पत्रं पाठवून भरवलेला विश्वचषक



आज आपण रग्बी या खेळाविषयी बोलू या. आपल्या गावांत तो फारसा कुणी खेळत नाही, म्हणून आधी थोडी ओळख करून घेऊ. याचा चेंडू गोल नसतो, लांबट अंड्यासारखा असतो. तो हातात धरून पळायचं आणि समोरच्या संघाच्या शेवटच्या रेषेपलीकडे जाऊन जमिनीला टेकवायचा. हाताने पुढे फेकायला मनाई असते. सोबतिणीला द्यायचा असेल तर बाजूला नाहीतर मागे द्यायचा. समोरच्या खेळाडू कमरेला, पायांना मिठी घालून पाडतात, तेव्हा कबड्डीची आठवण येते. एका संघात १५ जणी असतात आणि सामना ८० मिनिटं चालतो.

या खेळात बायकांचा विश्वचषक भरतो. त्यात कुठल्या देशाने खेळायचं हे कसं ठरतं, ते सांगायचं आहे. आज त्याचे नियम आहेत, पण सुरुवातीला नियम सोडाच, स्पर्धाच नव्हती.

पुरुषांचा पहिला विश्वचषक १९८७ साली न्यूझीलंड आणि ऑस्ट्रेलियात झाला. तेव्हाही पात्रता सामने नव्हते, १६ संघ थेट बोलावले होते. पण त्यांना बोलावणारी खेळाची आंतरराष्ट्रीय संस्था होती. बायकांसाठी त्या संस्थेने काहीच केलं नव्हतं. मग लंडनच्या रिचमंड क्लबाशी जोडलेल्या चौघींनी ते काम अंगावर घेतलं. डेबोरा ग्रिफिन, सू डॉरिंग्टन, अ‍ॅलिस कूपर आणि मेरी फोर्सिथ ही त्यांची नावं. आपल्या गटात करतो तशी त्यांनी कामं वाटून घेतली. एकीने हिशेब सांभाळला, एकीने वर्तमानपत्रांशी बोलणं केलं, एक पैसे देणारे शोधत फिरली. सू तर इंग्लंडच्या संघात खेळतही होती. जिथे जिथे बायका रग्बी खेळतात असं कळलं, तिथे निमंत्रणं गेली.

मोठा प्रायोजक काही मिळाला नाही. त्यामुळे प्रत्येक संघाने प्रवास आणि राहणं पदरच्या पैशाने करायचं ठरलं. म्हणजे १९९१ साली पात्रतेची खरी अट एकच होती, तिकिटाचे पैसे जमवता येतात का? १२ संघांनी ते जमवलं आणि एप्रिलमध्ये सगळ्याजणी वेल्स देशात पोचल्या.

सोव्हिएत संघाची गोष्ट तर ऐकण्यासारखी आहे. त्यांना देशाबाहेर पैसा नेता येत नव्हता. म्हणून त्यांनी विकायला सामान आणलं, वोडकाच्या बाटल्या, माशांच्या अंड्यांचे डबे, बाहुल्या. विक्रीतून जेवणाखाण्याचा खर्च भागवायचा बेत होता. जकातवाल्यांना ते कळलं आणि विक्री अडली. बातमी पसरली, तशी तिथली माणसं मदत घेऊन आली. देशाचा संघ आणि बाजारात बसायची पाळी, हे ऐकून वाईट वाटतं खरं. पण खेळायला मिळावं म्हणून या बाया काय काय करायला तयार होत्या, तेही त्यातून कळतं.

अंतिम सामना कार्डिफ शहरात झाला. अमेरिकेने इंग्लंडला १९–६ असं हरवलं.

पुढची स्पर्धा १९९४ साली नेदरलँड्समध्ये व्हायची होती. आंतरराष्ट्रीय संस्थेने मान्यता दिली नाही, म्हणून नेदरलँड्सने ऐनवेळी अंग काढून घेतलं. स्कॉटलंडच्या खेळाडू पुढे आल्या आणि अवघ्या तीन महिन्यांच्या आसपास त्यांनी सगळं उभं केलं. न्यूझीलंडचा संघ आला नाही. शेवटी स्पेननेही माघार घेतली आणि एक जागा रिकामी राहिली. मग ती कशी भरली? स्कॉटलंडच्याच विद्यार्थिनींचा एक संघ करून! विश्वचषकात विद्यार्थिनींचा संघ खेळला, हे आज कुणाला खरं वाटणार नाही.

१९९८ साली अॅमस्टरडॅमला पहिल्यांदा मान्यतेचा शिक्का बसला. १६ संघ आले आणि न्यूझीलंड जिंकला. आधीच्या दोन स्पर्धांना मात्र २००९ सालापर्यंत थांबावं लागलं, तेव्हा कुठे संस्थेने त्यांना अधिकृत मानलं. इतकी वर्षं त्या मुलींनी जिंकलेला चषक कागदावर नव्हताच!

आता नियम काय आहे ते २०२५ सालच्या स्पर्धेवरून पाहू. ती इंग्लंडमध्ये झाली आणि जागा १६ होत्या. मागच्या वेळी पहिल्या चारांत आलेल्यांना थेट प्रवेश मिळाला: न्यूझीलंड, इंग्लंड, फ्रान्स आणि कॅनडा. इंग्लंड यजमानही होता. पुढच्या सहा जागा जगाच्या वेगवेगळ्या भागांतल्या सामन्यांतून भरल्या. युरोपातून आयर्लंड, आफ्रिकेतून दक्षिण आफ्रिका, आशियातून जपान, तसेच फिजी, अमेरिका आणि ब्राझील. उरलेल्या सहा जागांसाठी २०२३ साली सुरू झालेली डब्ल्यूएक्सव्ही नावाची तीन पायऱ्यांची स्पर्धा होती. २०२४ मध्ये त्यातून ऑस्ट्रेलिया, इटली, स्कॉटलंड, वेल्स, स्पेन आणि सामोआ आले. पहिल्या स्पर्धेत खेळलेलं आणि १९९८ चं यजमानपद सांभाळलेलं नेदरलँड्स मात्र या १६ जणांत नव्हतं.

प्रत्येक भागाला जागा राखून ठेवण्यावर काहीजण नाक मुरडतात. कमजोर संघ येतात, एकतर्फी सामने होतात, असं त्यांचं म्हणणं. ब्राझीलचंच बघा. दक्षिण अमेरिकेतून विश्वचषकाला आलेला हा पहिला महिला संघ. दक्षिण आफ्रिकेने त्यांना ६६–६ असं हरवलं, फ्रान्सने ८४–५ असं. पण ब्राझीलचे पहिले गुण घेणारी राकेल कोखान ही स्तनाच्या कर्करोगावर उपचार घेऊन मैदानात परतलेली बाई आहे. ब्राझीलमधल्या मुलींनी आपल्या देशाचा संघ तिथे बघितला, हेच मला महत्त्वाचं वाटतं. राखीव जागेवरून पहिल्यांदा ग्रामसभेत बसलेल्या बाईला हे वेगळं सांगायला नको.

त्या स्पर्धेचा अंतिम सामना बघायला लंडनमध्ये ८१,८८५ माणसं आली. इंग्लंडने कॅनडाला ३३–१३ असं हरवलं. त्याच वर्षी डेबोरा ग्रिफिन इंग्लंडच्या रग्बी संघटनेची पहिली महिला अध्यक्ष झाली.

आपल्या देशाचं काय? पंधरा जणींचा भारतीय महिला संघ २०१८ साली पहिल्यांदा आंतरराष्ट्रीय सामना खेळला. पुढच्याच वर्षी फिलिपिन्समध्ये त्याने सिंगापूरला २१–१९ असं हरवलं आणि पहिला विजय मिळवला. कर्णधार होती आपल्या पुण्याची वाहबिझ भरुचा. विजयाची किक मारली ओडिशाच्या सुमित्रा नायकने, सामना संपायला अगदी थोडा वेळ उरला असताना. विश्वचषकासाठी आशियाच्या वरच्या गटात जपान, हाँगकाँग आणि कझाकस्तान खेळतात. भारताला आधी तिथवर चढायचं आहे. पुढचा विश्वचषक २०२९ साली ऑस्ट्रेलियात आहे.