कालयंत्राची जन्मकथा



भागवतांत ककुद्मी नांवाच्या राजाची एक कथा आहे. आपली कन्या रेवती हिला योग्य वर कोण, हें विचारण्यासाठीं तो तिला घेऊन ब्रह्मलोकीं गेला. तेथें गायन चाललें होतें, म्हणून तो क्षणभर थांबला. मग त्यानें प्रश्न केला, तेव्हां ब्रह्मदेवाला हसूं आलें. कारण तेवढ्या अवधींत पृथ्वीवर २७ चतुर्युगें लोटलीं होतीं आणि राजानें मनांत योजलेल्या वरांचें नांवही उरलें नव्हतें. राजा भविष्यकाळांत पोहोंचला खरा. पण तो आपल्या इच्छेनें गेला नाहीं आणि मागें फिरण्याची वाट त्याला नव्हती.

पाश्चात्य वाङ्मयांतही फार दिवस असेंच होतें. १८१९ सालीं आयर्विंग यांचा रिप व्हॅन विंकल वीस वर्षें झोपून उठला. १८४३ सालीं डिकन्स यांच्या कृपण स्क्रूजला भूत आणि भविष्य हीं दोन्हीं पिशाच्चांनीं दाखविलीं. १८८९ सालीं मार्क ट्वेन यांचा नायक डोक्यावर तडाखा बसून तेराशें वर्षें मागें जाऊन पडला. देवाची लीला, झोंप, पिशाच्च किंवा अपघात, यांवांचून काळाचा प्रवास होत नसे. मनुष्य नेला जाई. तो स्वतः जात नसे.

स्वतः जाण्याचें साधन निघालें तें एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस, आणि हा योगायोग नव्हे. आगगाडीनें अंतर जिंकलें होतें. भूगर्भशास्त्रानें पृथ्वीचें वय कोट्यवधि वर्षांवर नेलें होतें आणि १८५९ मधील डार्विन यांच्या ग्रंथानें सजीवांच्या जातिही बदलत आल्या आहेत हें दाखविलें होतें. एवढा अफाट काळ पुढें पसरलेला पाहिल्यावर, अंतराप्रमाणें तोही यंत्रानें कां तोडूं नये, हा प्रश्न सुचणें स्वाभाविक होतें. स्पेनचे नाटककार व मुत्सद्दी एन्रीके गास्पार यांनीं १८८७ सालीं बार्सिलोना येथें प्रसिद्ध केलेल्या कादंबरींत विजेवर चालणारी एक मोठी लोखंडी पेटी भूतकाळांत धाडली. पण जगानें मान्य केलें तें एच्. जी. वेल्स यांचें यंत्र.

वेल्स यांचा जन्म १८६६ सालीं लंडनजवळच्या ब्रॉम्ली येथें झाला. वडिलांचें चिनी मातीच्या भांड्यांचें दुकान धड चालत नसे. १८८० सालीं आईनें ससेक्स परगण्यांतील अपपार्क या वाड्यावर कारभारणीची नोकरी धरली. त्या वाड्यांत नोकरांचें वास्तव्य तळघरांत असे व त्यांच्या येण्याजाण्यासाठीं जमिनीखालून भुयारी वाटा होत्या. मुलानें कापडाच्या दुकानांत उमेदवारी केली. पुढें १८८४ मध्यें तो लंडनच्या शास्त्रीय विद्यालयांत दाखल झाला व तेथें हक्सले यांच्यापाशीं जीवशास्त्र शिकला. काळाच्या प्रवासाची पहिली गोष्ट त्यानें १८८८ सालीं विद्यार्थ्यांच्या मासिकांत लिहिली. ती पुनःपुन्हां मोडून नव्यानें लिहितां लिहितां १८९५ सालीं 'टाइम मशीन' हें लहानसें पुस्तक बाहेर पडलें.

निकल, हस्तिदंत व स्फटिक यांचें तें यंत्र. त्यावर बसावयास खोगीर आणि पुढें दोन तरफा. एक दाबली कीं भविष्यकाळ, दुसरी दाबली कीं माघार. प्रवासी ८०२७०१ या वर्षीं उतरतो. तेथें मानवजातीच्या दोन जाति झालेल्या आहेत. वर उजेडांत सुंदर, नाजूक आणि आळशी असे एलॉय. खालीं अंधारांत यंत्रें चालविणारे मॉरलॉक. आणि रात्र पडली म्हणजे मॉरलॉक वर येऊन एलॉयांना भक्ष्य करितात. वरच्यांनीं खालच्यांना अंधारांत लोटलें, त्याचें हें फळ. अपपार्कच्या भुयारांची येथें आठवण होते, ती उगीच नव्हे.

शास्त्राचें म्हणणें काय? वेल्स यांच्यानंतर दहा वर्षांनीं, १९०५ सालीं, आइन्स्टाइन यांनीं दाखविलें कीं वेगानें जाणाऱ्याचें घड्याळ मंद चालतें. १९७१ सालीं हाफेले व कीटिंग यांनीं अणुघड्याळें विमानांतून पृथ्वीभोंवतीं फिरविलीं; पूर्वेकडे गेलेलीं घड्याळें जमिनीवरील घड्याळांच्या सुमारें ५९ अब्जांश सेकंद मागें पडलीं. म्हणजे ककुद्मीचा मार्ग, अगदीं सूक्ष्म प्रमाणांत कां होईना, खरा ठरला. मागें जाण्याची गोष्ट निराळी. १९४९ सालीं गेडेल या गणितज्ञांनीं आइन्स्टाइन यांच्या समीकरणांतून असें एक विश्व काढून दाखविलें कीं ज्यांत पुढें जातां जातां मनुष्य आपल्याच भूतकाळांत येईल. पण तें विश्व स्वतःभोंवतीं फिरणारें आहे. आपलें तसें दिसत नाहीं.

यंत्र मिळालें तर कोठें जाल, असें कोणासही विचारा. बहुतेक जण मागेंच निघतील : गेलेल्या माणसाला एकदां पाहावयास, हातून झालेली चूक निस्तरावयास. ही इच्छा सर्वांच्या मनांत आहे, आणि तीच पुरी होण्याजोगी नाहीं. वेल्स यांनीं आपल्या प्रवाशाला मागें धाडलें नाहीं, पुढें धाडलें. आणि त्यानें परत येऊन जी बातमी सांगितली ती आठ लक्ष वर्षांनंतरची नव्हती, त्याच्याच शहराची होती. तिच्यावर विश्वास बसावा म्हणून त्याच्या खिशांत होतीं एका एलॉय मुलीनें दिलेलीं दोन पांढरीं फुलें.

यंत्र कोणाच्याही घरीं आलें नाहीं. परंतु आपल्या वाड्याच्या तळघरांत आज कोण राहतें, हें पाहावयास यंत्र लागत नाहीं. आठ लक्ष वर्षांचा प्रवास करून त्या प्रवाशानें जें पाहिलें, तें येथूनच दिसण्यासारखें आहे. आणि येथून पाहिलें तर तें अद्याप बदलतां येतें.