छाटलेले कोपरे : कोपनहेगनच्या एका जुन्या गल्लीची घडण

कोपनहेगनच्या जुन्या गावठाणात स्ट्रोएट या गजबजलेल्या पेठेला समांतर जाणारी कोम्पानिस्ट्रेडे आणि तिलाच पुढे जोडून येणारी लेडरस्ट्रेडे या दोन गल्ल्या मध्ययुगीन आहेत. कोम्पानिस्ट्रेडेचे नावही तिथे एके काळी असलेल्या व्यापारी संघाच्या वास्तूवरून पडले आहे. गल्ली मात्र जितकी जुनी तितकी तिच्यावरची घरे जुनी नाहीत. त्यांतील बहुसंख्य घरे अठराव्या शतकाच्या अखेरच्या मोजक्या वर्षांत, जवळजवळ एका दमात उभी राहिली, आणि म्हणूनच तीन-चार मजल्यांची, चुन्याच्या गिलाव्याची, सारख्या अंतरावर खिडक्या मांडलेली ही घरे वेगवेगळ्या मालकांची असूनही एकाच हाताने रेखल्यासारखी दिसतात. या सारखेपणाला त्या काळची अभिरुची कारणीभूत होती हे खरे, पण तिच्याहून अधिक वाटा आगीचा आणि आगीच्या धास्तीने केलेल्या नियमांचा होता.

5 जून 1795 रोजी गामेलहोल्म येथील आरमाराच्या गोदामाच्या आवारात, जिथे कोळसा आणि इमारती लाकूड साठवलेले असे, आग लागली आणि ती 7 जूनपर्यंत धुमसत राहिली. या तीन दिवसांत नऊशेहून अधिक घरे भस्मसात झाली, सेंट निकोलाय चर्चचा मनोरा तेवढा वाचून बाकीची वास्तू गेली, आणि गामेलटोर्व्ह व नीटोर्व्ह या दोन चौकांच्या मध्ये उभे असलेले नगरभवनही जळाले. त्याच्या आदल्याच वर्षी ख्रिस्तियान्सबोर्ग राजवाडा आगीत नष्ट होऊन राजकुटुंबाला आमालियेनबोर्गच्या प्रासादांत मुक्काम हलवावा लागला होता, त्यामुळे हा दुसरा आघात शहराला फार जिव्हारी लागला.

शहराला आगीचा अनुभव नव्हता असे नाही. ऑक्टोबर 1728 च्या आगीत शहराचा चतुर्थांशाहून अधिक भाग बेचिराख झाला होता, त्या अनुभवातून 1731 मध्ये अग्निविमा संस्थाही स्थापन झाली होती. परंतु पुनर्बांधणीच्या वेळी विटांची टंचाई आणि बेघर नागरिकांची निकड यांच्यापुढे नियम सैल करावे लागले, आणि लाकडी चौकटींचा सांगाडा उभारून त्यातील मोकळ्या जागा विटांनी भरण्याची जुनी पद्धत रस्त्याकडच्या दर्शनी भिंतींनाही पुन्हा चालवून घेतली गेली. डॅनिश भाषेत या पद्धतीला ‘बिंडिंग्सव्हेर्क’ म्हणतात. ती स्वस्त होती, लवकर उभी राहणारी होती, आणि ज्वालेला एका घरातून दुसऱ्या घरात वाट करून देणारीही होती. त्या वेळी दिलेल्या या सवलतीची किंमत शहराने 1795 मध्ये मोजली, असे म्हटल्यास ते अतिशयोक्त ठरणार नाही.

या वेळी मात्र राज्यकर्त्यांनी हात सैल सोडला नाही. यॉर्गन हेनरिक राव्हर्ट आणि पेटर माइन या दोघांनी जळित भागासाठी केलेल्या आराखड्यात रस्ते शक्य तितके सरळ आणि रुंद करण्यात आले, रस्त्याकडची भिंत पक्क्या विटांचीच असली पाहिजे असा दंडक आला, आणि जिथे दोन रस्ते मिळतात तिथल्या प्रत्येक घराचा कोपरा तिरका छाटला जावा असे ठरले. या छाटलेल्या कोपऱ्यांचे कारण साधे होते : आग विझवणाऱ्यांच्या लांब शिड्या वाहून नेणाऱ्या गाड्यांना अरुंद गल्लीत काटकोनी वळण घेता येत नसे. आज त्या तिरक्या भिंतीवर कोठे दुकानाचे दार आहे, तर कोठे वरच्या मजल्यांवर एकाखाली एक खिडक्या आहेत, आणि पाहणाऱ्याला ती वास्तुकाराने शोभेसाठी साधलेली लकब वाटते. प्रत्यक्षात ती शिडीच्या गाडीसाठी मोकळी ठेवलेली वाट आहे. काही जागी तर घरे पुन्हा बांधलीच गेली नाहीत, आणि लेडरस्ट्रेडेच्या पूर्व टोकाला आज पसरलेला होयब्रो प्लाड्स हा चौक जळालेल्या घरांच्या रिकाम्या राहिलेल्या जागेतूनच घडला.

नियमांनी घराची रेषा ठरवली, तर त्याचे रूप ठरवले नवअभिजात शैलीने. प्राचीन ग्रीस व रोम येथील वास्तूंचे प्रमाणबद्ध, संयत रूप आदर्श मानणारी ही शैली डेन्मार्कमध्ये 1754 साली स्थापन झालेल्या शाही कला अकादमीच्या द्वारे आणि निकोला-आंरी जार्दँ या फ्रेंच वास्तुकाराच्या शिकवणीतून रुजली. जार्दँचा शिष्य कास्पर फ्रेडरिक हार्सडॉर्फ याने पॅरिस आणि रोममध्ये अभ्यास करून परतल्यावर कोंगेन्स नीटोर्व्ह या चौकात 1779-80 मध्ये जे घर बांधले, ते राजवाड्यांची भाषा सामान्य नागरिकाच्या घराला कशी बोलता येईल याचा वस्तुपाठ ठरले. आगीनंतर शेकडो घरे एकाच वेळी उभी करायची वेळ आली तेव्हा आंद्रेआस हालांडर आणि योहान मार्टिन क्विस्ट यांच्यासारख्या बांधकाम व्यावसायिकांपुढे हा नमुना तयार होता, आणि त्यांनी तो इतक्या सहजतेने वापरला की हार्सडॉर्फचा विद्यार्थी नसलेल्या गवंड्याच्या घरातही त्याचीच मात्रा जाणवते.

अशा घराची दर्शनी भिंत नीट पाहण्यासारखी असते. तळमजल्याच्या गिलाव्यात आडव्या खाचा पाडून दगडी चिऱ्यांचा भास केलेला असतो. त्यावरचा पहिला मजला सर्वांत उंच खिडक्यांचा असतो. मधल्या भागात कधी पिलास्टर, म्हणजे भिंतीतून किंचित पुढे आलेले चपटे अर्धस्तंभ, दोन मजल्यांची उंची बांधून घेतात. आणि छपराखाली कॉर्निस, म्हणजे भिंतीबाहेर डोकावणारी कोरीव आडवी पट्टी, सगळ्या रचनेला वरून आवळून धरते. मजल्यांच्या मधून पुष्कळदा लाटांसारखी एकामागून एक वळणे घेत जाणारी नक्षी धावते, जिला डॅनिश कारागीर ‘धावता कुत्रा’ म्हणतात. एवढ्या मोजक्या अलंकारावर भागवण्यात काटकसर होतीच, पण त्या काटकसरीतून आलेला तोल आज दोन शतकांनंतरही डोळ्यांना निववतो.

हा बांधकामाचा खर्च झेपला तो त्या वेळच्या भरभराटीमुळे. युरोपातील सत्ता परस्परांशी लढत असताना तटस्थ डॅनिश निशाणाखाली चालणारा सागरी व्यापार अठराव्या शतकाच्या शेवटच्या दशकांत विलक्षण वाढला होता. तरंगमबाडी आणि श्रीरामपूर या भारतातील डॅनिश ठाण्यांशी चालणारा व्यापार आणि इंग्रज कंपनीच्या नोकरांनी भारतात कमावलेला पैसा डॅनिश जहाजांतून युरोपात पोचवण्याचा व्यवहार हे त्याचेच भाग होते. सप्टेंबर 1807 मध्ये इंग्रजांनी शहरावर केलेल्या तोफमाऱ्यात उत्तरेकडचा भाग उद्ध्वस्त झाला आणि हा व्यापार मोडला. जानेवारी 1813 मध्ये राज्याचे दिवाळे निघाले. नीटोर्व्हवर क्रिस्टियान फ्रेडरिक हान्सेन याने 1805 मध्ये आरंभलेले नगरभवन व न्यायालय 1815 साली पुरे झाले, ते या ओढाताणीतूनच.

याच नीटोर्व्हवर, आगीनंतर बांधलेल्या एका घरात, 5 मे 1813 रोजी तत्त्वज्ञ सोरेन किर्केगार्ड जन्मला; ते घर 1908 मध्ये पाडले गेले. ही हानी मन विषण्ण करणारी आहे, कारण अवघ्या दहा वर्षांनी, 1918 साली, डेन्मार्कने ऐतिहासिक इमारतींच्या संरक्षणाचा कायदा केला आणि या काळातील अनेक नागरी घरांना त्या कायद्याचे छत्र मिळाले.

कोम्पानिस्ट्रेडेतून दक्षिणेला काही पावले गेले की आगीतून बचावलेली, वाकडीतिकडी माग्स्ट्रेडे लागते, आणि तिथली सतराव्या शतकातील घरे पाहताच 1795 ने काय नेले आणि काय आणले हे एका दृष्टिक्षेपात कळते. मात्र जुने सगळेच गेले नव्हते. विटांची सक्ती रस्त्याकडच्या भिंतीपुरती असल्यामुळे मागच्या बाजूला मालकांनी जुनीच स्वस्त पद्धत वापरली, आणि आजही अशा एखाद्या घराच्या गाडीदरवाज्यातून आत चौकात गेले की समोरच्या गुळगुळीत, प्रमाणबद्ध भिंतीच्या पाठीशी बाजूची आणि मागची घरे उघड्या लाकडी चौकटींची, मध्ये विटा भरलेली, अशी उभी दिसतात.