पटकथेची वही, निर्मितीचा हिशेब

चित्रपटगृहातून बाहेर पडताना आपण नटांविषयी बोलतो, गाण्यांविषयी बोलतो, फार तर दिग्दर्शकाचे नाव घेतो. पटकथा कोणाची आणि पैसा कोणी उभा केला, या नावांपाशी फारसे कोणी थांबत नाही. ही दोन्ही कामे एकाच माणसाने अंगावर घेतली की काय घडते, हा या अभ्यासाचा विषय. त्यासाठी मुंबईला जायला हवे असे नाही. भडगावच्या वाचकाला तर सुरुवात शेजारच्या अमळनेरलाच सापडेल.

अमळनेरच्या प्रताप हायस्कूलमध्ये साने गुरुजी शिकवत होते. १९३० साली नोकरी सोडून ते सत्याग्रहात उतरले आणि १९३३ च्या फेब्रुवारीत नाशिकच्या तुरुंगात अवघ्या पाच दिवसांत त्यांनी ‘श्यामची आई’ लिहिले. बेचाळीस रात्री श्याम आपल्या आईच्या आठवणी सांगतो, अशी त्याची रचना. वाचायला ती मोकळी वाटते, पण पटकथाकाराला जड जाते. कारण पुस्तकात आईची माया श्यामच्या शब्दांतून कळते, तर पडद्यावर ती घडताना दिसावी लागते. पोहायला जायचे टाळून लपलेला श्याम, त्याला फोकाने झोडपत विहिरीकडे नेणारी आई, अंगावर उठलेले वळ. हा प्रसंग आधी पुस्तकात वाचावा आणि मग चित्रपटात पाहावा. निवेदकाचा आवाज कुठे गळला आणि त्याची जागा कशाने घेतली, हे नीट टिपून ठेवावे. पटकथेचे पहिले शिक्षण मला तरी याहून चांगले माहीत नाही.

हे पुस्तक पडद्यावर आणण्याचे काम आचार्य अत्र्यांनी केले. मास्टर विनायकांसाठी ‘ब्रह्मचारी’ (१९३८), ‘ब्रँडीची बाटली’ (१९३९) असे विनोदी चित्रपट लिहिणारा हा लेखक पुढे स्वतः निर्माता झाला. १९५३ च्या ‘श्यामची आई’ची पटकथा, निर्मिती आणि दिग्दर्शन त्यांचेच. वनमाला आई झाल्या, माधव वझे श्याम, संगीत वसंत देसाईंचे. राष्ट्रपतींचे पहिले सुवर्णपदक याच चित्रपटाला मिळाले. त्या पदकापेक्षा मला त्यांचे पुढचे पाऊल मोठे वाटते. लगेच पुढच्या वर्षी त्यांनी ‘महात्मा फुले’ काढला. नुसत्या पटकथाकाराला असा विषय घेऊन किती दारे ठोठावावी लागली असती, याचा विचार करावा. विषय निवडण्याची मोकळीक त्यांना निर्मातेपणाने दिली, आणि त्यासोबत तोट्याची जोखीमही त्यांच्याच माथी आली.

पटकथा आणि निर्मिती दोन्हींत हात घालणारी अशी माणसे पोर्तुगीज भाषेतल्या सिनेमातही भेटतात. ब्राझीलचे लुईज कार्लोस बारेतो मूळचे वृत्तछायाचित्रकार. १९६२ च्या आगगाडी-दरोड्यावरच्या एका चित्रपटाच्या पटकथेत त्यांचा हात होता. पुढच्याच वर्षी ‘विदास सेकास’मध्ये दुष्काळाने गाव सोडायला लावलेल्या कुटुंबामागे त्यांचा कॅमेरा चालला. खानदेशातल्या प्रेक्षकाला ती भेगाळलेली जमीन ओळखायला भाषा आड येणार नाही. निर्माते म्हणून त्यांच्या ‘दोना फ्लोर’ला (१९७६) ब्राझीलमध्ये एक कोटीहून अधिक प्रेक्षक मिळाले.

नव्या अभ्यासकाने एवढेच करावे: कोणताही एक प्रसंग घ्यावा, तो लिहायला काय लागले असेल आणि चित्रित करायला किती खर्च आला असेल, हे दोन्ही प्रश्न एकाच कागदावर मांडावेत. पुढची प्रकरणे तिथूनच सुरू होतात.