खंजिरीवरचे नाव : मेहेरबानी की हक्क?

ब्राझीलमध्ये गुलामगिरी कायद्याने संपली १८८८ साली. त्याच्या आदल्याच वर्षी रिओ दि जानेरोत जोआओ दा बायाना जन्मला. गुलामांचा नातू, सांबाच्या आद्य रचनाकारांपैकी एक. माणूस मुक्त झाला, पण त्याचे वाद्य गुन्हेगारच राहिले. १९०८ च्या सुमारास पोलिसांनी त्याचा पांदेइरो, म्हणजे आपल्या खंजिरीसारखे वाद्य, जप्त केला. त्यामुळे तो सिनेटर पिन्येइरो माशादो यांच्या मेजवानीत वाजवायला गेला नाही. सिनेटरने कारण विचारले आणि स्वतःचे नाव घातलेला नवा पांदेइरो दिला. तेच नाव पोलिसांपुढे ढाल ठरले.

ही गोष्ट कौतुकाने सांगतात. आम्हाला ती खटकते. ज्यांच्या वाद्यावर सिनेटरचे नाव नव्हते, त्यांचे काय? मित्रांनो, मेहेरबानी एकाला वाचवते. हक्क साऱ्या वस्तीला.