छावणीच्या मैदानांतून ऑलिम्पिकपर्यंत : बेंगळुरूच्या फुटबॉलचा युद्धोत्तर बहर

बेंगळुरू : दुसरे महायुद्ध संपल्यानंतरच्या अवघ्या सात-आठ वर्षांत बेंगळुरूच्या फुटबॉलने दोनदा संतोष करंडक आणि एकदा मुंबईचा रोव्हर्स चषक जिंकला, तसेच भारतीय ऑलिम्पिक संघाला मोलाचे खेळाडू दिले. कोलकात्याच्या क्लबांसारखा पैसा किंवा प्रेक्षकवर्ग पाठीशी नसताना मिळालेले हे यश भारतीय फुटबॉलच्या इतिहासातील महत्त्वाचे, पण काहीसे विस्मृतीत गेलेले पर्व आहे.

या खेळाची मुळे छावणीत होती. ब्रिटिशांनी १८०९ मध्ये येथे लष्करी तळ वसवला. म्हैसूरचे राज्य १८८१ मध्ये वडियार घराण्याकडे परत गेल्यावरही छावणीचा भाग ब्रिटिशांच्याच अखत्यारीत राहिला आणि १९४७ मध्ये तो म्हैसूर संस्थानात विलीन झाला. गोऱ्या पलटणींचे सामने पाहत आणि पुढे त्यांच्याशीच झुंजत छावणीलगतच्या वस्त्यांमधील मुले घडली. त्यांतील बहुतेकांना बूट परवडत नसत. कोरड्या, कठीण मैदानावर अनवाणी पायांनी चेंडूवर मिळणारे नियंत्रण हेच त्यांचे बलस्थान ठरले.

त्याची पहिली मोठी पावती मुंबईत मिळाली. १८९१ पासून खेळल्या जाणाऱ्या रोव्हर्स चषकावर सुरुवातीची अनेक दशके ब्रिटिश लष्करी संघांची मक्तेदारी होती. ती १९३७ मध्ये बँगलोर मुस्लिम्स या क्लबने मोडली. हा चषक जिंकणारा तो पहिला भारतीय संघ. अंतिम सामन्यात त्याने कोलकात्याच्या मोहमेडन स्पोर्टिंगला १-० असे नमवले. पुढच्याच वर्षी एका ब्रिटिश पलटणीच्या संघाला हरवून त्याने चषक राखला.

महायुद्धानंतर ही क्लबांची कामगिरी राज्यस्तरावर पोहोचली. राष्ट्रीय अजिंक्यपदासाठी १९४१ मध्ये सुरू झालेल्या संतोष करंडकात बंगालचा दबदबा होता. १९४६-४७ च्या मोसमात ही स्पर्धा बेंगळुरूत भरली आणि यजमान म्हैसूरने अंतिम लढतीत बंगालवरच मात केली. बंगाल आणि दिल्लीनंतर हा करंडक पटकावणारा म्हैसूर हा तिसराच संघ होता.

१९४८ हे वर्ष या बहराचे शिखर म्हणता येईल. लंडन ऑलिम्पिकसाठी निवडलेल्या भारतीय संघात बेंगळुरूच्या मैदानांवर घडलेले सारंगपाणी रामन आणि अहमद खान होते. इलफोर्ड येथे ३१ जुलै रोजी फ्रान्सविरुद्ध झालेला सामना हा ऑलिम्पिक फुटबॉलमध्ये भारताचा पहिलाच सामना. भारताचे बहुतेक खेळाडू त्यात अनवाणी उतरले. एका गोलची पिछाडी रामन यांनी भरून काढली. ऑलिम्पिकमधील भारताचा पहिला गोल त्यांच्या नावावर नोंदला गेला. मात्र दोन पेनल्टी वाया गेल्या आणि शेवटच्या क्षणांत फ्रान्सने २-१ अशी बाजी मारली. त्याच वर्षी मुंबईत बँगलोर मुस्लिम्सने बलाढ्य मोहन बागानला १-० असे हरवून तिसऱ्यांदा रोव्हर्स चषक उंचावला.

पण याच यशात पुढील उताराची बीजे होती. कोलकात्याचे क्लब कागदोपत्री हौशी असले, तरी गुणवान खेळाडूला नोकरी, निवास आणि नावलौकिक देण्याची त्यांची ऐपत होती. बेंगळुरूच्या छोट्या क्लबांकडे यांपैकी फारसे काही नव्हते. अहमद खान १९४९ मध्ये ईस्ट बंगालमध्ये दाखल झाले. व्यंकटेश, अप्पाराव, धनराज आणि सालेह यांच्यासह त्यांची आघाडीची फळी 'पंचपांडव' म्हणून ओळखली गेली. ईस्ट बंगालने १९४९ ते १९५१ अशी सलग तीन वर्षे आयएफए शील्ड जिंकली. म्हणजे बेंगळुरूत तयार झालेल्या पायांची जादू आता कोलकात्याचे प्रेक्षक पाहत होते.

अनवाणी खेळाचे युगही मावळत होते. १९५२ च्या हेलसिंकी ऑलिम्पिकमध्ये युगोस्लाव्हियाने भारताचा १०-१ असा धुव्वा उडवला. भारताचा एकमेव गोल अहमद खान यांनी केला. या पराभवानंतर भारतीय फुटबॉलमध्ये बूट सक्तीचे झाले. त्यानंतरच्या १९५२-५३ च्या मोसमात म्हैसूरने घरच्या मैदानावर बंगालला पुन्हा १-० असे नमवून दुसरा संतोष करंडक मिळवला.

पुढे सार्वजनिक क्षेत्रातील कारखान्यांच्या संघांनी खेळाडूंना स्थानिक नोकरीचा आधार दिला. १९६७-६८ आणि १९६८-६९ अशी लागोपाठ दोन विजेतेपदे म्हैसूरला मिळाली. राज्याचे नाव १९७३ मध्ये कर्नाटक झाले. त्या नावाने मात्र पहिला संतोष करंडक जिंकायला मार्च २०२३ उजाडावा लागला. रियाध येथील अंतिम सामन्यात कर्नाटकने मेघालयला ३-२ असे हरवले, तेव्हा मागच्या विजेतेपदाला ५४ वर्षे उलटून गेली होती.

आज व्यावसायिक बेंगळुरू एफसीमुळे शहराचे नाव पुन्हा देशाच्या फुटबॉल नकाशावर ठळक झाले आहे. २०१३ मध्ये स्थापन झालेल्या या क्लबने पदार्पणाच्याच मोसमात आय-लीग जिंकली. छावणीच्या क्लबांना खेळाडू घडवता आले, पण टिकवता आले नाहीत. टिकवण्याचे ते बळ शहराच्या क्लबाला मिळेपर्यंत सहा दशकांहून अधिक काळ लोटला.