नाटकशाळेतून अकिहाबाराला

तुम्ही झाशीजवळच्या बिजौलीला पोचलात आणि साल आहे १८५०. आजच्या कारखान्यांच्या शेड नाहीत, रूळ पडायलाही अजून चाळीसेक वर्षं आहेत. उत्तरेकडे झाशी. उन्हं कलण्याआधी वेशीतून आत शिरायचं तर पाय उचला. शहरात मराठी कानावर पडली तर दचकू नका. राज्य नेवाळकरांचं आहे, गादीवर गंगाधरराव आहेत.

राजा बघायचा असेल तर दरबारात ताटकळू नका, नाटकशाळेकडे वळा. ईस्ट इंडिया कंपनीने गंगाधररावांना राज्य दिलं ते हात बांधूनच. फौज कंपनीची, आणि तिच्या खर्चापोटी मुलूखही तोडून घेतलेला. मग राजाच्या मर्जीवर उरलं काय? नाटक कोणतं लावायचं, साज कोणता चढवायचा. पुरुषांनी लुगडं नेसून उभं राहणं तुम्हाला नवं नाही. १८४३ साली सांगलीत विष्णुदास भाव्यांनी ‘सीतास्वयंवर’ केलं तेही तसंच. इथे मात्र लुगडं खुद्द राजा नेसतो म्हणतात. सत्तावनच्या धामधुमीत झाशीत राहिलेले विष्णुभट गोडसे ‘माझा प्रवास’मध्ये ही ऐकीव हकीकत देतात: महाराज स्त्रीवेष करीत, बांगड्या भरीत, महिन्याचे चार दिवस बाजूलाही बसत. इंग्रज साहेबाने कारण विचारलं तेव्हा उत्तर मिळालं की तुम्ही तर साऱ्याच राजांना बांगड्या भरल्यात. हकीकत खरी असो वा रचलेली, रचणाऱ्याला राजाचं दुखणं बरोबर सापडलं होतं.

मर्जीपुरती उरलेली अशीच दुसरी जागा बघायला आता जरा लांबची उडी. साल १९९९, जून महिना, टोकियोतलं अकिहाबारा. तुम्ही तेवीस वर्षांचे आहात. शेअर आणि जमिनींचे फुगलेले भाव नव्वदीच्या सुरुवातीला कोसळले, कंपन्यांनी भरती आवरती घेतली, आणि तुमचे अर्ज साभार परत आले. हातात नवा खोका आहे: ‘कानोन’ हा संगणकावरचा खेळ. घरी येता, खोलीचं दार लावता. आई जेवणाचं ताट बाहेर ठेवून जाते.

पडद्यावर बर्फाळ गाव, समोर मोठ्या डोळ्यांची मुलगी, खाली चौकटीत मजकूर. क्लिक केलं की पुढचं वाक्य. मधूनच दोन-तीन पर्याय येतात. कोणता निवडाल त्यावर ठरतं कोणत्या मुलीची गोष्ट उलगडेल. चुकलात तर आधी जपून ठेवलेल्या जागी परत जा. खोक्यावर प्रौढांसाठीचा शिक्का आहे, पण तसले प्रसंग थोडेच. लोक हा खेळ घेतात तो रडण्यासाठी. नायक सात वर्षांनी गावी परतलाय आणि तेव्हाचं सगळं विसरलाय. काही मुली विसरलेल्या नाहीत. शाकुंतल वाचलेल्याला ही गोष्ट परकी वाटू नये: विसरायचं पुरुषाने, लक्षात ठेवायचं तिने. अशा जवळिकीत पुरुषाकडे काही मागणं नसतं. मला तरी या जवळिकीचा गोडवा आणि लबाडी दोन्ही तिथेच दिसतात.

फरकही मोठा आहे. झाशीत राजा स्वतः स्त्री व्हायचा आणि त्यासाठी नट, गवई, शिंपी, प्रेक्षक, सगळं गणगोत लागायचं. तुमच्या खोलीत माणूस लागतच नाही. अशा खेळांतल्या नायकाचा चेहराही बहुधा दाखवत नाहीत. ती जागा तुमच्यासाठी रिकामी सोडलेली.

वर्षभरापूर्वीच, १९९८ साली, मानसोपचारतज्ज्ञ तामाकी साइतो यांच्या पुस्तकाने ‘हिकिकोमोरी’ हा शब्द घरोघरी नेला: सहा महिने किंवा जास्त काळ जगाशी संबंध तोडून घरात राहणारे. खेळांनी पोरं बिघडवली, असं म्हणणारे तेव्हाही होते. मला ते पटत नाही. नाटकाने गंगाधररावांचं राज्य नेलं म्हणण्यासारखंच ते. राज्य कंपनीने नेलं, १८५४ साली, दत्तक नामंजूर करून.

परतीच्या वाटेवर २०१९ मध्ये थोडं थांबा. जपान सरकारने पहिल्यांदाच चाळीस ते चौसष्ट वयाच्या हिकिकोमोरींचा अंदाज काढलाय: सुमारे ६ लाख १३ हजार. १९९९ मधले तुम्ही आता या गटात मोडता. तिथे या प्रश्नाला ‘८०५०’ म्हणतात: आईवडील ऐंशीचे, मूल पन्नाशीचं, आणि घर चालतं ते म्हाताऱ्यांच्या पेन्शनवर.