20 मे : साडेतीन फ्रँकांची खोली

20 मे 1890. व्हिन्सेंट व्हॅन गॉग पॅरिसजवळच्या ओव्हेर-स्युर-वाझ या खेड्यात उतरला. त्याच्यावर उपचार करणाऱ्या डॉ. गाशे यांनी सुचवलेल्या ठिकाणी दिवसाला 6 फ्रँक पडत. ते परवडेनात, म्हणून त्याने नगरपालिकेसमोर आर्त्युर रावू यांच्याकडे साडेतीन फ्रँकांत बिऱ्हाड केले. खाली वाइनचा गुत्ता आणि जेवणाची मेजे. वर माळ्यावर, छताच्या झरोक्यातून उजेड घेणारी 5 क्रमांकाची चिंचोळी खोली.

इथल्या 70 दिवसांत त्याने जवळजवळ तितकीच चित्रे रंगवली. रावूंची मुलगी आडलिन हिचे निळ्या पोशाखातले देखणे व्यक्तिचित्र त्यांतलेच. 29 जुलैला याच खोलीत त्याने प्राण सोडला. शवपेटी तळमजल्यावर ठेवली, तेव्हा भोवतालच्या भिंतींवर त्याचीच ताजी चित्रे होती आणि पेटीवर पिवळी फुले. कलावंताला याहून साजेसा निरोप कुठला!

आत्महत्या केलेल्या माणसाच्या खोलीत पुढे कोणी राहायला धजावले नाही, आणि त्यामुळेच ती मूळ रूपात टिकली.

1987मध्ये डोमिनिक-शार्ल यान्सेन्स यांनी ही वास्तू विकत घेऊन जिव्हाळ्याने दुरुस्त केली. 1993पासून माळ्यावरची खोली पाहता येते आणि खालच्या रेस्टॉरंटात जुन्या धाटणीचे फ्रेंच जेवण मिळते.